हाक एकदाच

केतकीबाई पहिल्याच दिवशी मांडीपर्यंत चिखलात रुतली आणि तिने दोन्ही हातांनी कॅमेरा तेवढा डोक्यावर धरला. अकराजणी टोपल्या घेऊन बेटाकडे निघाल्या होत्या. तारा म्हणाली, "बघा गो, पोर बुडाली तरी चालेल, पेटी भिजता नये." मग तिनेच मागे जाऊन बाईला काखेत हात घालून ओढून काढलं. बाईची एक चप्पल आत राहिली ती राहिलीच.

"टाच आधी टाकू नका," मी काठावरून सांगितलं. "बोटं आधी टाका आणि चिखल विचार करायच्या आत पाय उचला."

ती हसली. सत्तावीस वर्षांची असेल. शाळेच्या गुरुजींच्या ओळखीने पुण्याहून आली होती आणि सोबत फिरोज नावाचा एक लांबलचक मुलगा होता. तो काठीच्या टोकाला केसाळ बोंडूक लावून आवाज गोळा करायचा. खाडीकाठची माणसं सकाळपासून संध्याकाळपर्यंत काय करतात, त्याची फिल्म करायची होती. ताराने विचारलं, हीरो कोण. बाई म्हणाली, तुम्हीच. गाणी किती, तर एकही नाही. कोणी काही बोलणार नाही, मीही मध्ये काही सांगणार नाही, फक्त खाडी आणि तुमची कामं.

"म्हणजे कोण बघणार नाही," तारा म्हणाली.

बाईची अट एकच होती. आमच्याकडे बघायचं नाही. आम्ही इथे नाहीच असं समजायचं आणि रोजचं काम करायचं. हे ऐकायला सोपं, पण करायला जड. दोन दिवस बायका माना खाली घालून खुदुखुदू हसत होत्या. माझी नणंद शेवंती तर कॅमेरा दिसला की पदर तोंडात कोंबायची. नवऱ्याने टाकल्यावर एक ट्रंक घेऊन ती माहेरी आली होती, त्याला चार वर्षं झाली होती. त्या चार वर्षांत मी तिला इतकं हसताना पाहिलं नव्हतं. न बघण्याचं तिला सगळ्यात उशिरा जमलं, आणि जमलं तेव्हा सगळ्यांपेक्षा पक्कं जमलं. कॅमेरा हातभर अंतरावर आणला तरी ती मान वर करायची नाही.

आता बेटाचं सांगते. ओहोटीला खाडीच्या मधोमध वाळूचा एक उंचवटा उघडा पडतो. त्याला आम्ही बेट म्हणतो. तिसऱ्या, म्हणजे खायच्या शिंपल्या, तिथे मिळतात. बेट आणि काठ यांच्यामध्ये एक खोलगट पट्टा आहे, त्याला गळा म्हणतात. ओहोटीला गळ्यात घोटाभर पाणी असतं. भरती लागली की बेट कोरडंच राहतं आणि आधी गळा भरतो. बेटावर वाकून वाळू उकरणाऱ्या बाईला पाणी दिसतच नाही. तिला दिसतं तेव्हा तिच्या पाठीमागे गळा बंद झालेला असतो.

म्हणून एक बाई काठावर राहते. गळ्यात खैराचा खुंट पुरलेला आहे. त्याला खाच पाडून खाचेवर पांढरा रंग दिलेला आहे. पाणी खाचेला लागलं की काठावरची बाई दगडावर उभी राहून हाक घालते. "आलाऽऽ गोऽऽ आला." मग हातातली तिसरी हातात आणि वाळूतली वाळूत. उठायचं आणि यायचं.

ती हाक माझ्या सासूची होती. आयेने ती तेहेतीस वर्षं घातली. गुडघे गेले तेव्हा तिने मला त्या दगडावर उभं केलं आणि दोनच गोष्टी सांगितल्या. पाणी खाचेला लागल्याशिवाय हाक घालायची नाही, आणि लागल्यावर एकदाच घालायची. मी विचारलं, एखादीला ऐकू गेली नाही तर? आये म्हणाली, "दुसरी येणार आहे हे कळलं की पहिलीला कोण उठतंय?"

सहा वर्षं मी ते पाळलं होतं. हाक गेली की अकराच्या अकरा पाठी एका झटक्यात सरळ व्हायच्या. मला त्याचा गर्व होता. घरात माझा शब्द कोणी ऐकत नव्हतं. नवरा बोटीवर, घरचं सगळं आयेच्या हातात. पण त्या दगडावर माझ्या एका आवाजासरशी सगळं बेट उठायचं.

बाईला ती हाक फिल्ममध्ये हवी होती. पण पश्चिमेचा वारा सुटला होता. फिरोज रोज बोंडूक घेऊन दगडाखाली बसायचा आणि रोज मान हलवायचा. तीन आठवडे होत आले. उद्याचा दिवस शेवटचा, असं बाईने सांगितलं. पुन्हा हाक घाला, असं मात्र ती एकदाही म्हणाली नाही. नियम तिला मीच सांगितला होता आणि तिने तो पाळला. हे मी मुद्दाम लिहिते, कारण पुढे गावात तिला बोल लावणारे बोल लावून मोकळे झाले.

त्या संध्याकाळी आमच्या पडवीत चहा पिताना फिरोजने कानाला लावायचं यंत्र माझ्या कानांवर ठेवलं. "मावशी, तुमचा आवाज ऐका."

आधी नुसता वारा होता, पत्र्यावर पावसाच्या सरी याव्यात तसा. मग त्या वाऱ्याच्या पलीकडून कोणी बाई ओरडली. लांबून, अर्धी फाटलेली. मला वाटलं, ही कोण?

"तुम्हीच," फिरोज म्हणाला.

माणसाला स्वतःची हाक ऐकू येत नाही. घशात लागते तेवढीच. मी दुसऱ्यांदा ऐकली, तिसऱ्यांदा ऐकली. ती इतकी फाटकी जायला नको होती. माझा आवाज चांगला होता, मला माहीत होतं. शहरातले लोक अंधारात बसून फिल्म बघणार आणि त्यांना ही असली हाक ऐकू जाणार.

"उद्या सकाळी वारा पडलेला असेल," मी म्हणाले. "ओहोटीलाच घालते. नीट."

बाईने कप खाली ठेवला. "पण मावशी, पाणी खाचेला नसताना?"

"आयेला सांगू नका."

आये आत भाकऱ्या थापत होती.

दुसऱ्या दिवशी वारा नव्हता. बायका गळ्यातून पलीकडे जाताना मी सगळ्यांना सांगितलं, पहिली हाक फिल्मसाठी आहे, वर येऊन परत जायचं, दुसरी खरी. तारा म्हणाली, "भामे, आज तू हिरवीण." कॅमेरा माझ्या मागे काठावर होता. मी दगडावर चढले. खुंट पार उघडा होता. वरच्या पांढऱ्या पट्ट्यावर एक खंड्या बसला होता. मी छाती भरून हाक घातली.

तशी हाक मी आयुष्यात घातली नव्हती. पलीकडच्या डोंगरावर जाऊन ती परत आली. खंड्या उडाला. अकरा पाठी सरळ झाल्या आणि सगळ्यांच्या पुढे शेवंती निघाली. टोपली डोक्यावर, एक हात कमरेवर, कॅमेऱ्याकडे न बघता, जशी काही सासरी मानाने निघाली आहे. काठावर पोचल्यावर मात्र तिला राहवलं नाही.

"वयनी, कशी आले? झोकात आले ना?"

"झोकात आलीस," मी म्हणाले.

सगळ्या हसत परत गेल्या. भरतीला अजून तास होता.

त्या तासात काय झालं ते मी पुष्कळदा मनात लावून बघितलं आहे. बाईने कॅमेरा काठावरून हलवला आणि थोडं खाली तिवरांच्या झाडीपाशी नेऊन तीन पायांच्या तिकाटण्यावर ठेवला. आतली टेप संपली होती, म्हणून तो बंद होता. हे मला ठाऊक होतं. बेटावरच्या बायकांना कुठून ठाऊक असणार? त्यांना कॅमेरा दिसत होता आणि तो आपल्याकडे तोंड करून उभा होता एवढंच.

पाणी खाचेला लागलं. मी हाक घातली.

दोघीतिघी थोड्या हलल्या आणि पुन्हा वाकल्या. बाकीच्यांनी मानसुद्धा वर केली नाही.

मला वाटलं, ऐकू गेली नाही. मी क्षणभर थांबले. सहा वर्षांत जे केलं नव्हतं ते केलं. दुसऱ्यांदा घातली. मग तिसऱ्यांदा. पदर सोडून हातात घेऊन फडकवला. पण कॅमेऱ्याकडे बघू नका म्हणून तीन आठवडे शिकवलेल्या बायका त्या. पुढे तारा मला म्हणाली, "एक घातलीस तेव्हा वाटलं खरी, उठतच होते, पण पेटी समोर उभी. दुसरी आली तेव्हा म्हटलं, नाही, ही फिल्मची. खरी दोनदा कुठे असते?"

मी जितकी ओरडत होते तितकी हाक खोटी होत होती.

ताराच्या पायाला पाणी लागलं तेव्हा तिने मागे बघितलं आणि टोपली टाकली. मग सगळ्या धावल्या. गळ्यात छातीइतकं पाणी झालं होतं. हाताला हात धरून एकेक पार होत होती. मी कमरेपर्यंत आत उतरून ओढून घेत होते. केतकीबाईसुद्धा कपड्यानिशी उतरली. फिरोजला पोहता येत नव्हतं, तरी तो उतरला. मी मोजत होते. आठ, नऊ, दहा.

शेवंती बेटाच्या पार पलीकडच्या टोकाला होती. तिथल्या तिसऱ्या मोठ्या असतात म्हणून ती नेहमी तिथेच बसायची. ती धावत गळ्यापाशी आली तेव्हा मधलं पाणी वेगाने वर चढत होतं. टोपली अजून तिच्या डोक्यावर होती. "टाक ती, टाक," मी ओरडले. तिने टोपली टाकली नाही. बहुतेक ऐकू गेलं नाही. किंवा माझं ओरडणं तिला तोवर सवयीचं झालं होतं.

ती पुढच्या ओहोटीला तिवरांत सापडली.

पोलीस आले, कागद झाला. एकेका बाईला विचारलं. सगळ्यांनी तेच सांगितलं. पाणी खाचेला लागल्यावर भामाने हाक घातली, शेवंती लांब होती, तिला यायला उशीर झाला. त्यात एक शब्द खोटा नव्हता. आम्ही काही ठरवलं नव्हतं. बायकांनीही माना वर केल्या नव्हत्या. त्या माझ्यासाठी गप्प राहिल्या आणि स्वतःसाठीही. मी त्या कागदावर अंगठा दिला. पुढे सत्तावन्नाव्या वर्षी नातीच्या पहिलीच्या पुस्तकावरून मला अक्षरं आली तेव्हा तो कागद आठवला. तो आता कुठे असेल कोण जाणे. त्यात काय आहे ते मला न वाचता माहीत आहे. जे त्यात नाही ते इथे लिहिते.

आये तेरा दिवस बोलली नाही. चौदाव्या दिवशी चुलीपुढे बसून तिने एकच विचारलं.

"हाक घातलीस तेव्हा पाणी खाचेला होतं?"

"होतं," मी म्हणाले.

तिने मान हलवली आणि लाकडं आत सारली. पुन्हा विचारलं नाही. मी त्याच दगडावर रोज उभी राहत होते. हाक एकदाच घालत होते. बायका पहिल्यासारख्या उठत होत्या, उलट जरा घाईनेच. गावाने धरून चालायचं ठरवलं की सगळं पहिल्यासारखं दिसतं.

वर्ष झालं तेव्हा केतकीबाईचं पत्र आलं. गुरुजींनी वाचून दाखवलं. फिल्म पुरी झाली, गावाला दाखवायला आणते. ती आली ती आधी मला भेटायला. बारीक झाली होती. विहिरीपाशी मला गाठून म्हणाली, "मावशी, ती हाक फिल्ममध्ये आहे. सकाळची. तुम्ही म्हणालात तर काढते. मी तशीच दुसरीही तयार करून आणली आहे, हाकेशिवायची."

मी विचारलं, "शेवंती दिसते?"

"तिथेच दिसते. चालत येते ती. बाकी सगळीकडे तिची मान खाली आहे."

तोवर आयेला बातमी लागली होती. पोरीचा चेहरा दिसणार म्हणून तिने ट्रंकेतलं नवं लुगडं काढून बाजेवर ठेवलं होतं. वर्षभर शेवंतीचा एक फोटोसुद्धा घरात नव्हता. होता तो लग्नातला, नवऱ्यासोबतचा. तो आयेनेच कधीच चुलीत घातला होता.

"राहू दे," मी बाईला म्हणाले.

शाळेच्या खिडक्यांना गोणपाटं ठोकून भरदुपारी अंधार केला होता. पोरं पुढे, बायका मागे भिंतीला टेकून. आये माझ्या डाव्या हाताला. दोन महिन्यांपूर्वी तिच्या मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं होतं आणि लांबचं तिला माझ्यापेक्षा स्वच्छ दिसत होतं.

फिल्ममध्ये खरंच कोणी बोलत नव्हतं. होड्या जात होत्या. म्हातारा लाडू जाळं विणत होता. ताराचे दोन हात वाळूत शिरत होते, तिसऱ्या घेऊन वर येत होते. आमचंच सगळं, पण इतक्या सावकाश आम्ही ते कधी बघितलं नव्हतं. पोरं एकेकाला ओळखून हसत होती. मग हसू थांबलं. पडद्यावर पाणी होतं, बेट होतं, आणि उजव्या बाजूला, अर्ध्या पडद्याइतका उंच, खुंट होता.

मला तोवर त्याची आठवणच झाली नव्हती. हाक आहे आणि शेवंती आहे एवढंच माझ्या डोक्यात होतं. कॅमेरा माझ्या मागे होता, म्हणजे मी जे बघत होते ते सगळं त्यात येणार, हे मला सुचलं नव्हतं. खुंट बुडापासून उघडा. पांढरा पट्टा कोरडा. त्याच्यावर खंड्या.

हाक आली. सुरेख आली. वर्गाच्या भिंतींना लागून घुमली आणि खंड्या उडाला. बायकांच्या पाठी सरळ झाल्या आणि शेवंती निघाली. कोणीतरी हुंदका दिला. ताराने तोंडाला पदर लावला. सगळी शाळा शेवंतीकडे बघत होती. मी डावीकडे बघितलं.

आये शेवंतीकडे बघत नव्हती. तिची नजर पडद्याच्या उजव्या बाजूला होती. पोरगी चालत चालत मोठी होत गेली, तिचा चेहरा अर्ध्या पडद्याएवढा झाला, तेव्हा कुठे आयेने नजर तिच्याकडे आणली. मग ती हलली नाही. पडदा पांढरा झाल्यावरही तशीच बसून राहिली.

घरी जाताना ती गळ्यापाशी थांबली. भरती होती. खुंट पाण्याखाली होता.

"खुंट कोरडा होता," आये म्हणाली.

"हो."

"मग पोरगी कशाला आली?"

"फिल्मसाठी घातली होती, आये. मीच म्हटलं घालते."

तिने काठी चिखलात रोवली आणि दोन्ही हात तिच्यावर ठेवले. मग विचारलं, "आणि खाचेला लागल्यावर?"

"घातली. उठल्या नाहीत. परत घातली. परत परत घातली."

"किती?"

"सात-आठ असतील."

"सात-आठ," ती म्हणाली. पाण्याकडे बघत होती. "दुसरीला मीपण उठले नसते."

ती मला बोलली असती, चार लोकांत उभं केलं असतं, तर मला सोपं गेलं असतं. ती काठी काढून चालू लागली आणि घरी जाऊन तिने नवं लुगडं घडी घालून ट्रंकेत ठेवलं. रात्री मला भाकरी वाढली.

दुसऱ्या दिवशी ओहोटीला मी काठावर गेले तेव्हा आये दगडावर बसलेली होती. गुडघे गेलेली बाई तिथवर कशी आली, कोणी बघितलं नाही. तिच्या पायाशी एक टोपली होती. ती तिने काठीने माझ्याकडे सारली. बायका टोपल्या घेऊन उभ्या होत्या. कोणी काही विचारलं नाही. म्हणजे सगळ्यांना कळलं होतं.

"कुठे बसू?" मी विचारलं.

"पलीकडच्या टोकाला," आये म्हणाली. "तिथे मोठ्या असतात."

सात वर्षांनी मी वाळूत हात घातला होता. बोटं सोलली. सवय नव्हती, आणि माझं लक्षही वाळूत नव्हतं. एक तिसरी काढली की मान वर, पुन्हा एक काढली की मान वर. तिथून आये एवढीशी दिसत होती, पानावर बसलेल्या किड्याएवढी. वारा पश्चिमेचा होता.

मग ती उठून उभी राहिली. तिने काठी टाकली. मला तिचं तोंड उघडलेलं दिसलं.

हाक माझ्यापर्यंत आली नाही. तिच्या आवाजात आता तेवढा दम नव्हता. मधल्या बायकांनाही ऐकू गेली की नाही, कोण जाणे. मी टोपली उचलली आणि धावले. मला धावताना बघून बाकीच्या उठल्या.

काठावर पोचले तेव्हा आये बायका मोजत होती. माझ्यापाशी येऊन थांबली. टोपलीत हात घालून तिने तिसऱ्या चाळवल्या. तळसुद्धा झाकला नव्हता.

"एवढ्याच?"

"तुमच्याकडे बघत होते."

तिने हात टोपलीतून काढून लुगड्याला पुसला.

"बघत जा," ती म्हणाली.